वाढीव मोबदला नेमका अडतो कुठे?

सरकारने संपादित केलेल्या जमिनीचा पहिला मोबदला न्यायालय ठरवत नाही. तो भूसंपादन अधिकाऱ्याच्या निवाड्यात ठरतो. तो अपुरा वाटला की वाढीव मोबदल्याची लढाई सुरू होते आणि वर्षे जातात ती तिच्यात. या लढाईबद्दल गावोगावी पक्के झालेले काही समज चुकीचे आहेत.

निवाड्याची रक्कम उचलली की भांडायचा हक्क गेला, हा त्यातला सर्वांत नुकसानीचा समज. रक्कम निषेध नोंदवून स्वीकारता येते आणि हक्क शाबूत राहतो. खरा धोका मुदतीचा आहे. निवाड्याच्या वेळी खातेदार हजर असेल तर अर्जाला सहा आठवडे मिळतात. नसेल तर नोटीस मिळाल्यापासून सहा आठवडे किंवा निवाड्यापासून सहा महिने, यांपैकी आधी संपेल ती मुदत. ज्याने अर्जच केला नाही, त्यालाही एक वाट उरते. त्याच अधिसूचनेतल्या शेजाऱ्याला न्यायालयाने वाढीव दर दिला, तर त्या निकालापासून तीन महिन्यांत तो दर मागता येतो. जुन्या, १८९४ च्या भूसंपादन कायद्यातले कलम २८-अ त्यासाठीच आहे, पण ते माहीत होईपर्यंत मुदत बहुधा उलटलेली असते.

उशीर फक्त कोर्टात होतो, हेही अर्धसत्य. वाढीव मोबदल्यासाठी शेतकऱ्याला थेट दिवाणी दावा लावता येत नाही. त्याच कायद्यातल्या कलम १८ चा अर्ज अधिकाऱ्याकडेच द्यायचा आणि त्यानेच तो न्यायालयाकडे पाठवायचा. किती दिवसांत पाठवायचा, याचे बंधन १८९४ च्या मूळ कायद्यात नव्हते. पुढे आसपासच्या जमिनींची खरेदीखते शाबीत करणे, मध्येच अर्जदार वारला तर वारस रेकॉर्डवर आणणे, एकाच प्रकल्पाच्या ढीगभर अर्जांची सुनावणी, असे तारखांवर तारखा पडत जातात. त्याची जागा घेणाऱ्या २०१३ च्या कायद्याने अर्ज पाठवायला तीस दिवस आणि न्यायालयाऐवजी सुनावणी करणाऱ्या प्राधिकरणाला निकालासाठी सहा महिने ठरवून दिले, कागदावर तरी.

निकाल लागला म्हणजे पैसे आले, असेही नाही. सरकार उच्च न्यायालयात अपील करते, स्थगिती मागते. ती सहसा रक्कम जमा करण्याच्या अटीवर मिळते आणि जमा रकमेतला काही भाग हमी देऊन काढता येतो. रक्कम जमाच झाली नाही तर दरखास्त दाखल करावी लागते. जिल्हाधिकारी कार्यालयातल्या खुर्च्या, संगणक, साहेबांची गाडी जप्त करायला बेलिफ पोहोचल्याच्या बातम्या येतात, त्या याच टप्प्यावरच्या. एवढे होऊनही, वारसांत किंवा सातबाऱ्यावरच्या नावांत वाद असेल तर पैसे कोर्टातच पडून राहतात. त्याला सरकारी चालढकल म्हणता येत नाही.

उशीर सरकारच्या पथ्यावर पडतो, हा समज हिशेबाला टिकत नाही. वाढीव रकमेवर ताबा घेतल्यापासून पहिल्या वर्षी ९ टक्के आणि पुढे १५ टक्के सरळव्याज लागते. दहा लाखांच्या वाढीवर दहा वर्षांत व्याजच १४ लाख ४० हजार होते. सक्तीच्या संपादनाबद्दल मिळणाऱ्या दिलासा रकमेवरही हे व्याज द्यावे लागते, हे सर्वोच्च न्यायालयाने २००१ साली ‘सुंदर’ खटल्यात स्पष्ट केले. भुर्दंड अर्थातच सार्वजनिक तिजोरीवर पडतो, फाइल अडवणाऱ्यावर नाही.

पैसे हाती पडले नाहीत तर जुने संपादन आपोआप रद्द होते, अशी आशा २०१३ च्या कायद्यातल्या कलम २४ मुळे अनेकांना होती. इंदूर विकास प्राधिकरणाच्या खटल्यात घटनापीठाने २०२० साली ती मर्यादित केली. २०१३ चा कायदा लागू होण्याच्या पाच वर्षे किंवा अधिक आधी झालेल्या निवाड्यात ताबाही घेतलेला नसेल आणि मोबदलाही दिलेला नसेल, तरच संपादन रद्द ठरते. विलंबाची भरपाई मात्र वेगळ्या वाटेने मिळू शकते. बंगळूरु-म्हैसूर रस्ते प्रकल्पासाठी २००३ साली अधिसूचित झालेल्या जमिनींचा निवाडा २०१९ साली झाला. त्यामुळे सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२५ मध्ये, विशेषाधिकार वापरून, २२ एप्रिल २०१९ चा बाजारभाव धरून मोबदला ठरवण्याचा आदेश दिला.