पडद्यावरील नोंद कागदावर उतरविताना

शाळेच्या दप्तराचा बराचसा भाग आता संगणकावर ठेवला जातो. पटनोंदणी, हजेरी, गुणपत्रके, पोषण आहाराचा हिशेब यांच्या नोंदी ब्राउझरमध्ये उघडणाऱ्या वेब-अनुप्रयोगांत होतात. आणि कित्येक तंत्रस्नेही शिक्षक आपल्या शाळेपुरते वा केंद्रापुरते असे अनुप्रयोग स्वतःच रचू लागले आहेत. नोंदी भरण्याची सोय त्यांत सहसा चांगली असते. परंतु पालक दाखला मागावयास येतो किंवा तपासणीस आलेले अधिकारी तक्ता मागतात तेव्हा हवा असतो तो कागद, आणि नेमक्या या शेवटच्या पायरीवर पुष्कळ अनुप्रयोगांचे पाऊल घसरते. उजवीकडचे दोन रकाने कापलेले, एकाच मुलाची ओळ अर्धी या पानावर व अर्धी पुढच्या पानावर, जोडाक्षरे फुटलेली, असे कागद हाती येतात. दोष छपाईयंत्राला दिला जातो. वस्तुतः त्याचा यात काही अपराध नसतो. मुद्रण ही अनुप्रयोगातील एक स्वतंत्र सोय आहे व ती स्वतंत्रपणे रचावी लागते, ही गोष्ट ध्यानी न घेतल्याचा तो परिणाम होय.

पडदा आणि कागद यांतील मूळ भेद असा की पडद्याला तळ नसतो. माहिती वाढली की पान खाली सरकत जाते. रुंदी कमी पडली तर बाजूला सरकविता येते. कागदाला चारही कडा असतात. आपल्याकडे कचेरीत सर्वत्र वापरला जाणारा ए-४ कागद २१० मिलिमीटर रुंद व २९७ मिलिमीटर लांब असतो. (या मापाचा उगम १९२२ साली जर्मनीत ठरलेल्या मानकात आहे. कागद मधोमध दुमडला तरी लांबीरुंदीचे प्रमाण तेच राहते, आणि हे वर्गात मुलांकडून करवून घेण्याजोगे आहे.) अमेरिकेत रूढ असलेला लेटर कागद मात्र सुमारे २१६ बाय २७९ मिलिमीटर, म्हणजे किंचित रुंद व बराच आखूड असतो. तयार नमुने पुष्कळदा त्या मापाला धरून केलेले असतात. म्हणून छपाईच्या खिडकीत कागदाचे माप कोणते निवडले आहे ते प्रथम पाहावे.

ब्राउझर लांबीचा हिशेब एका इंचास ९६ बिंदू या मापाने करतो. त्या मापाने ए-४ कागदाची रुंदी सुमारे ७९४ बिंदू भरते. दोन्ही बाजूंस १५ मिलिमीटर समास सोडला तर लिहिण्यास १८० मिलिमीटर, म्हणजे सुमारे ६८० बिंदू उरतात. सामान्य लॅपटॉपचा पडदा १३६६ बिंदू रुंद असतो. त्या पडद्यावर काठोकाठ बसविलेला तक्ता निम्म्या रुंदीत मावणार कसा? ब्राउझर एक तर अक्षरे बारीक करतो, नाही तर उजवी बाजू सोडून देतो.

हजेरीचेच उदाहरण घ्यावे. महिन्याचे ३१ रकाने, अनुक्रमांकास १० मिलिमीटर आणि नावास ६० मिलिमीटर. उभ्या कागदावर उरलेल्या ११० मिलिमीटरांत दर दिवसाच्या वाट्यास साडेतीन मिलिमीटर येतात. त्यात पेनाने खूणही नीट करता येणार नाही. कागद आडवा घेतला तर समास वजा जाता २६७ मिलिमीटर मिळतात, आणि दर दिवसास सहा मिलिमीटरांहून थोडी अधिक जागा येते. हा हिशेब अनुप्रयोग रचण्यापूर्वी पाटीवर मांडावयाचा आहे. कागद छापून झाल्यावर तो मांडून उपयोग नाही.

एकाच माहितीला पडद्यावर एक रूप व कागदावर दुसरे रूप देण्याची सोय वेबच्या शैलीपत्रकांत, म्हणजे सीएसएसमध्ये, जुनीच आहे. शैलीपत्रकांचा पहिला मापदंड १९९६ च्या डिसेंबरात प्रसिद्ध झाला, आणि १९९८ च्या मे महिन्यातील दुसऱ्या मापदंडात पडदा व छपाई यांसाठी वेगळे नियम लिहिण्याची तरतूद आली. ‘मीडिया प्रिंट’ या शीर्षकाखाली लिहिलेले नियम केवळ छपाईच्या वेळी लागू होतात. तेथे कळफलकाच्या सूचना, बटणे, बाजूची यादी हे सारे लपवावे; कागदावर ‘जतन करा’ असे बटण छापून कोणाचे काय भले होणार? ‘पेज’ या नियमात कागदाचे माप, तो उभा की आडवा, व समास किती हे सांगावे, आणि तेही बिंदूंत न सांगता मिलिमीटरांत. यानंतर पडद्यावरील ‘छापा’ हे बटण ‘विंडो प्रिंट’ या एका आज्ञेने छपाईची खिडकी उघडू शकते. आज्ञा एका ओळीची आहे. खरे काम तत्पूर्वीच्या नियमांचे आहे.

तक्ता अनेक पानांवर जाणार असेल तर आणखी दोन गोष्टी अवश्य कराव्यात. रकान्यांची शीर्षके तक्त्याच्या ‘टीहेड’ या भागात ठेवली असता ती प्रत्येक पानावर पुन्हा छापली जातात. ज्यांनी ती साध्या ओळीसारखी लिहिली त्यांच्या दुसऱ्या पानावर नुसते आकडे दिसतात, आणि गणिताचे गुण कोणते व विज्ञानाचे कोणते हे बोटाने मोजत बसावे लागते. दुसरे असे की ‘ब्रेक-इनसाइड’ या गुणधर्मास ‘अव्हॉइड’ ही किंमत दिली की एका मुलाची ओळ दोन पानांत विभागली जात नाही. पानाच्या समासात आपले स्वतःचे पृष्ठक्रमांक छापण्याचे नियम मापदंडात असूनही क्रोम ब्राउझरने ते २०२४ मध्ये स्वीकारले. त्यापूर्वीच्या आवृत्त्यांवर त्यांचा भरवसा धरू नये.

रंगाविषयीही सावध असावे. ब्राउझर शाई वाचविण्यासाठी पार्श्वभूमीचे रंग आपण होऊन छापीत नाही, आणि शाळेतील छपाईयंत्र बहुधा काळ्या शाईचेच असते. अनुत्तीर्ण विषय केवळ तांबड्या रंगाने दाखविला असेल तर कागदावर तो इतरांसारखाच दिसेल. तेथे तारांकन किंवा अधोरेखा द्यावी. तसेच ब्राउझर कागदाच्या माथ्यावर व तळाशी दिनांक आणि पानाचा वेबपत्ता छापतो. दाखल्यावर तो अशोभनीय तर दिसतोच, शिवाय काही अनुप्रयोगांत त्या पत्त्यातच विद्यार्थ्याचा क्रमांक गुंफलेला असतो. छपाईच्या खिडकीतील शीर्ष व तळटीप ही खूण काढून टाकावी.

रोजच्या याद्यांना ब्राउझरची छपाई पुरेशी आहे. शाळा सोडल्याचा दाखला व गुणपत्रक यांची गोष्ट निराळी. ती कोणत्याही यंत्रावर अक्षरशः सारखीच दिसली पाहिजेत, आणि त्यासाठी पीडीएफ हा प्रकार योग्य ठरतो. अ‍ॅडोबी कंपनीने १९९३ साली तो प्रचारात आणला व २००८ साली त्यास आंतरराष्ट्रीय मानकाचे स्थान मिळाले. त्यात प्रत्येक अक्षराची जागा ठरलेली असते व अक्षरांचा साचा, म्हणजे फॉन्ट, फाईलमध्येच भरून ठेवता येतो.

मात्र मराठीची खरी परीक्षा येथेच होते. पीडीएफमध्ये पूर्वापार गृहीत धरलेले १४ मूळ फॉन्ट आहेत. त्यांत देवनागरी नाही. फॉन्ट भरण्याचे विसरले तर नावाच्या जागी चौकोन उमटतात. फॉन्ट भरला तरी काम पुरे होत नाही. युनिकोडमध्ये देवनागरीस १९९१ च्या पहिल्या आवृत्तीपासून स्थान आहे, परंतु तेथे साठविली जातात ती उच्चाराच्या क्रमाने वर्णचिन्हे, तयार जोडाक्षरे नव्हेत. ‘क्षितिजा’ या नावातील पहिले अक्षर संगणकात क, हलन्त, ष आणि ऱ्हस्व वेलांटी अशा चार चिन्हांनी राहते. वेलांटी साठविताना शेवटी, लिहिताना मात्र सर्वांच्या आधी. ही फिरवाफिरव व जोडणी ब्राउझर बिनबोभाट करतो. पीडीएफ तयार करणारी कित्येक तयार साधने करीत नाहीत. मग पडद्यावर शुद्ध दिसलेले नाव दाखल्यावर मोडून पडते. ‘गोऱ्हे’ या आडनावातील ऱ्ह चुकून रेफ होऊन बसतो. पंधरा वर्षांनी नोकरीच्या वेळी दाखल्यावरील नाव व अन्य कागदांवरील नाव जुळेनासे झाले म्हणजे खेटे घालावे लागतात ते त्या मुलाला, साधन निवडणाऱ्याला नव्हे. म्हणून ब्राउझरच्याच यंत्रणेकडून पीडीएफ करवून घेणे हा मराठीसाठी सर्वांत निर्धोक मार्ग होय.

दाखल्याच्या बाबतीत आणखी एक प्रश्न आहे, आणि तो तंत्रापेक्षा दप्तराच्या शिस्तीचा आहे. मूळ दाखला एकदाच द्यावयाचा, नंतरच्या प्रतीवर ‘दुय्यम प्रत’ असे लिहावयाचे, हा परिपाठ सर्वांस ठाऊक आहे. परंतु ब्राउझर अनुप्रयोगास एवढेच कळवितो की छपाईची खिडकी बंद झाली. कागद निघाला, की माणसाने काम रद्द केले, की कागद यंत्रात अडकला, यांतले काहीही तो सांगत नाही. तेव्हा प्रतींची मोजणी छपाईवर सोपवू नये. दाखल्याची फाईल तयार करतानाच तिला क्रमांक व दिनांक द्यावा, त्याची नोंद साठवावी, आणि पुढील प्रत्येक मागणीस ‘दुय्यम प्रत’ हा शिक्का आपोआप यावा. मूळ कागद खराब निघाला तर तो रद्द करून जपून ठेवण्याची जुनी रीत आजही तितकीच लागू आहे.

अंकीय स्वाक्षरीविषयीही एक गैरसमज आढळतो. ती स्वाक्षरी फाईलमध्ये वसते. कागदावर उमटते ते केवळ तिचे चित्र. छापील प्रतीची सत्यता पाहता यावी म्हणून कागदावर पडताळणी क्रमांक किंवा क्यूआर संकेत छापावा लागतो, आणि तो वाचून मूळ नोंद दाखविणारे पान अनुप्रयोगात असावे लागते. त्या पानावर दाखला खरा असल्याचे कळण्यास लागेल तेवढीच माहिती दाखवावी.

कधी कधी छपाईऐवजी माहितीची सीएसव्ही फाईल काढून ती एक्सेलमध्ये उघडली जाते व तेथून छापली जाते. एक्सेल संख्येचे पहिले १५ अंकच खरे ठेवतो. राज्याच्या सरल प्रणालीत विद्यार्थ्यास मिळालेला क्रमांक १९ अंकांचा आहे. तो संख्या म्हणून उघडला की शेवटचे चार अंक शून्य होतात, आणि त्या चार अंकांनीच वेगळी पडणारी मुले कागदावर एक होऊन बसतात. फाईल तशीच जतन झाली तर गेलेले अंक परत येत नाहीत. तो रकाना मजकूर म्हणून आयात करावा. आणि मराठी अक्षरे नीट दिसण्यासाठी फाईलच्या आरंभी यूटीएफ-८ ची खूण घालावी.

नवा अनुप्रयोग वापरात घेण्यापूर्वी पटावरील सर्वांत लांब नावाचा विद्यार्थी, जोडाक्षरांनी भरलेल्या नावाची विद्यार्थिनी आणि सर्वांत मोठ्या पटाचा वर्ग निवडून प्रत्यक्ष कागदावर छापून पाहावे. ते कागद जनरल रजिस्टरशेजारी ठेवून नाव, जन्मतारीख व क्रमांक एकाने मोठ्याने वाचावे व दुसऱ्याने रजिस्टरात ताडून पाहावे. हे काम दाखले देण्याची गर्दी सुरू होण्यापूर्वी, एप्रिलातच उरकून घ्यावे.