शुक्रवारी कधीच न येणारी एक तारीख

३६५ला ७ने भागलं की १ उरतो. या एका उरलेल्या दिवसापायी भिंतीवरचं कॅलेंडर दरवर्षी बदलावं लागतं. यंदा मंगळवारी आलेला वाढदिवस पुढच्या वर्षी बुधवारी येतो आणि मध्ये २९ फेब्रुवारी पडला तर थेट गुरुवारी. जे. आर. आर. टोल्किन यांनी आपल्या काल्पनिक जगातल्या हॉबिटांसाठी दिनदर्शिका रचली, तेव्हा या एका दिवसाचं काय करायचं याचा त्यांनी मुळापासून विचार केला. ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ या त्यांच्या कादंबरीचा तिसरा खंड १९५५ साली आला. त्याच्या परिशिष्टांपैकी एक खास दिनदर्शिकांवरच आहे. कथा संपली म्हणून पुस्तक मिटणाऱ्यांचं ते राहून जातं. माझ्या मते काल्पनिक कालगणनेचा याहून चोख नमुना दुसरा नाही.

कल्पनेतल्या जगाचं वर्ष हवं तेवढं ठेवता येतं. ४०० दिवसांचं ठरवलं असतं तर अपूर्णांकाची कटकटच मिटली असती. टोल्किन यांनी ती पळवाट घेतली नाही. त्यांच्या लेखी ते जग म्हणजे आपलीच पृथ्वी, फक्त फार प्राचीन. म्हणून तिथलं वर्षही ३६५ दिवस, ५ तास, ४८ मिनिटं, ४६ सेकंदांचंच.

हॉबिटांचे महिने १२ आणि प्रत्येकाचे दिवस ३०. उरलेल्या पाचांपैकी दोन दिवस वर्षाच्या सांध्यावर, ते ‘यूल’चे. तीन ऐन उन्हाळ्यात, ते ‘लिथ’चे. हे पाचही दिवस कोणत्याच महिन्यात मोडत नाहीत. इथवर नवं काही नाही. प्राचीन इजिप्तमध्ये अशीच मांडणी होती आणि क्रांतीनंतरच्या फ्रान्सनेही ती उचलली होती. खरी करामत पुढे आहे. लिथच्या तीन दिवसांपैकी मधल्या दिवसाला हॉबिटांनी वारच ठेवला नाही. आदल्या दिवशी शुक्रवार, दुसऱ्या दिवशी शनिवार, मधला दिवस बिनवाराचा. मग वारांच्या हिशेबात राहिले ३६४ दिवस, म्हणजे बरोबर ५२ आठवडे. लीप वर्षाचा वाढीव दिवसही याच ठिकाणी आणि तोही बिनवाराचा. त्यामुळे प्रत्येक वर्ष शनिवारी सुरू होतं, शुक्रवारी संपतं आणि एकच कॅलेंडर जन्मभर पुरतं.

कागद घेऊन मांडून बघा. वर्षाचा पहिला दिवस यूलचा, शनिवार. म्हणून पहिल्या महिन्याची १ तारीख रविवारी. तीस दिवसांत चार आठवडे जाऊन दोन दिवस वर राहतात, म्हणून पुढच्या महिन्याची १ तारीख मंगळवारी. मग गुरुवार, शनिवार, सोमवार, बुधवार. सहा महिने झाले. लिथ ओलांडल्यावर सातवा महिना पुन्हा रविवारी सुरू होतो आणि तीच साखळी फिरते. या साखळीत शुक्रवार कुठेच नाही. म्हणूनच कधीही न येणाऱ्या दिवसाला हॉबिट ‘शुक्रवार, १ तारीख’ म्हणतात. गणितातून आपसूक निघालेला हा विनोद मला फार आवडतो.

या सुधारणेचा तोटाही टोल्किन नोंदवतात. तारखेवरून वार कळतोच, म्हणून हॉबिट पत्रांत आणि रोजनिशीत वार लिहीनासे झाले. घरी हे सोयीचं होतं, पण आपल्या मुलखाबाहेर गेलं की पंचाईत.

आपल्या जगात वारांची अशीच पंचाईत निर्णायक ठरली. बिनवाराच्या दिवसाची कल्पना १८३४ साली मास्त्रोफिनी या इटालियन धर्मगुरूने मांडली होती. १९३०पासून एलिझाबेथ अकेलिस यांनी ‘वर्ल्ड कॅलेंडर’ म्हणून तिचा जगभर प्रचार केला. १९५४ साली भारताच्या वतीने मेघनाद साहा यांनी जिनिव्हाला संयुक्त राष्ट्रांच्या आर्थिक व सामाजिक परिषदेत या योजनेची बाजू मांडली. साहा तेव्हा भारताच्या दिनदर्शिका सुधारणा समितीचे अध्यक्ष होते. नागपूरचे के. ल. दप्तरी आणि ‘केसरी’चे माजी संपादक ज. स. करंदीकर हेही त्या समितीत होते. पण एक दिवस बिनवाराचा गेला की सात दिवसांचं अखंड चक्र तुटतं आणि ज्यूंचा शनिवार, ख्रिश्चनांचा रविवार, मुसलमानांचा शुक्रवार दरवर्षी एकेक दिवस सरकत जातो. धार्मिक विरोध प्रखर होता. १९५५ साली अमेरिकेने नकार कळवला आणि योजना बारगळली. त्याच वर्षी हॉबिटांची दिनदर्शिका छापून आली.

टोल्किन यांच्या जगात इतरांच्याही दिनदर्शिका आहेत. तिथल्या एल्फ लोकांना नैसर्गिक मरण नाही, म्हणून त्यांचं कालगणनेचं मोठं एकक १४४ वर्षांचं. आठवडा सहा दिवसांचा आणि ऋतू सहा: चार ५४ दिवसांचे, दोन ७२ दिवसांचे. दर बारा वर्षांनी ते एकदम तीन दिवस वाढवतात. नूमेनॉर या बेटावरची माणसं मात्र काटेकोर. दर चौथं वर्ष लीप, शतकाचं शेवटचं वर्ष वगळून. हजार वर्षांत असे २४० दिवस वाढतात, हवे असतात २४२ आणि वर थोडे. म्हणून हजाराव्या वर्षी आणखी दोन दिवस घालायचे. तरीही ४ तास, ४६ मिनिटं, ४० सेकंद कमी पडतात. हा आकडा टोल्किन यांनी परिशिष्टात दिला आहे आणि गुणाकार करून पाहिला तर तो तंतोतंत जुळतो.

राहिला चंद्र. बारा चांद्रमासांचे ३५४ दिवस आणि सौरवर्षाचे ३६५ यांचा मेळ आपण अधिकमासाने घालतो. हॉबिटांच्या तीस दिवसांच्या महिन्यांना चंद्राशी देणंघेणंच नाही, त्यामुळे कथेतल्या प्रत्येक रात्रीचा चंद्र वेगळा मोजावा लागतो. मे १९४४मध्ये टोल्किन यांनी दक्षिण आफ्रिकेत असलेल्या मुलाला, ख्रिस्तोफरला, कळवलं की कथेतला चंद्र एका प्रदेशात उगवत असताना दुसऱ्या प्रदेशात मावळतोय. तो ताळ्यावर आणायला मागच्या प्रकरणांचे तुकडे पुन्हा लिहावे लागले आणि त्यात त्यांची सगळी दुपार गेली.