भंगाराची चालती शिल्पे

महाराष्ट्रातला कांदा हैदराबादेतल्या ज्या मलकपेठेच्या बाजारात पोत्यांनी उतरतो, तेथून मुशी नदीच्या दक्षिणेकडील जुन्या वस्तीतून पश्चिमेकडे गेले असता, नेहरू प्राणिसंग्रहालयाच्या परिसरात, बहादूरपुऱ्यास, कोणत्याही अडत्याने कधी तोलले नसेल असे एक अवाढव्य वांगे दृष्टीस पडते. त्याला चाके आहेत, उदरात यंत्र आहे, आणि चालक आसनस्थ झाला की ते रस्त्याने धावूही शकते.

हा सारा उद्योग के. सुधाकर यांचा. शालेय वयात जडलेला छंद पुढे असा फोफावला की 2010 साली त्यासाठी ‘सुधा कार्स’ हे स्वतंत्र संग्रहालयच उघडावे लागले. भंगारातून निवडून आणलेल्या सुट्या भागांस बूट, लिपस्टिक, पेन्सिल, बर्गर, कॅमेरा, क्रिकेटचा चेंडू अशी रूपे द्यावयाची, आणि ती देताना यंत्राचे चलनवलन अबाधित राखावयाचे, ही त्यांची कारागिरी. पुतळा घडविणाऱ्यास पुतळा उभा राहिला म्हणजे पुरते. येथे मात्र उंच टाचेच्या बुटाचा डौल कायम ठेवून चालकास बैठक, समोर पाहण्यास जागा, चाकास वळण्यास अवकाश आणि यंत्राच्या उष्णतेस वाट, इतक्या गोष्टींची तजवीज करावी लागते.

भंगारातून शिल्पे घडविणाऱ्या या पंथातील वडीलधारे म्हणजे चंदीगडचे नेकचंद. सरकारी रस्ते-निरीक्षकाची नोकरी सांभाळून, पाडलेल्या गावांच्या ढिगाऱ्यांतून फुटक्या बांगड्या व चिनी मातीचे तुकडे वेचीत, राखीव जमिनीवर ते वर्षानुवर्षे गुपचूप शिल्पे उभारीत राहिले. आणि हे बेकायदा राज्य उघडकीस आले तेव्हा जमीनदोस्तीचा हुकूम सुटण्याऐवजी त्यांना पगार व मजूर मंजूर होऊन 1976 साली त्या शिल्पांचे उद्यान लोकांस खुले झाले. दफ्तराला अशी सुबुद्धी क्वचितच होते!

सुधाकरांच्या नावावर गिनीज बुकातील विक्रमही आहे. 1 जुलै 2005 रोजी त्यांनी हैदराबादेत चालविलेली तीनचाकी सायकल 41 फूट 7 इंच उंच होती, तिच्या चाकांचा व्यास 17 फूट. कर्तबगारी निर्विवाद, तथापि मला विचाराल तर त्या सायकलीपेक्षा वांगेच सरस, कारण सायकल कितीही वाढली तरी सायकलच राहते.

ही वाहने पुष्कळदा एखाद्या सार्वजनिक निमित्ताने जन्मास येतात: महिलादिनासाठी पर्स, बालदिनासाठी लेखनसाहित्य. 2020 च्या एप्रिलमध्ये, टाळेबंदीच्या काळात, त्यांनी काटेरी विषाणूच्या आकाराची मोटार सुमारे दहा दिवसांत सिद्ध केली: एकाच माणसाची बैठक, सहा चाके, 100 सीसीचे इंजिन, वेग ताशी 40 किलोमीटरपर्यंत. नागरिकांनी घराबाहेर पडू नये, हा तिचा उपदेश. आणि तो करण्याकरिता तिला स्वतः मात्र रस्त्यावर यावे लागले.