सर्व्हेचं उत्तर ग्राहक देतो की आपला प्रश्न?

व्हिडिओत वेळेअभावी एक मुद्दा राहून गेला, तो इथे सांगतो.

आपल्या बॅचमधल्या एका ताईंचा घरगुती मसाल्यांचा व्यवसाय आहे. पॅकिंग मशीनसाठी कर्ज काढायचं म्हणून त्यांनी आधी ग्राहकांना गूगल फॉर्म पाठवला. प्रश्न होता, "आमचा शुद्ध, घरगुती मसाला महिन्यातून किती वेळा घ्यायला आवडेल?" पर्याय: २ वेळा, ३ वेळा, ४ किंवा जास्त. उत्तरं इतकी छान आली की ताई बँकेत निघाल्याच होत्या. मी म्हटलं, जरा थांबा.

प्रश्न वाचल्यावर माणूस आधी त्याचा अर्थ लावतो, मग आठवतो, मग अंदाज बांधतो आणि शेवटी तो अंदाज दिलेल्या पर्यायात बसवतो. रॉजर टूरँगो या अभ्यासकाने १९८४ साली मांडलेल्या या चार पायऱ्या आहेत. गडबड कुठल्याही पायरीवर होऊ शकते. ताईंच्या फॉर्ममध्ये ती शेवटच्या पायरीवर होती, आणि ती सगळ्यात लबाड, कारण दिसतच नाही.

जर्मनीतला एक प्रयोग बघा. नॉर्बर्ट श्वार्झ आणि सहकाऱ्यांनी (१९८५) लोकांना विचारलं, रोज टीव्ही किती वेळ बघता? एका गटाचे पर्याय अर्ध्या तासापासून सुरू होऊन 'अडीच तासांपेक्षा जास्त' इथे संपत होते. दुसऱ्या गटाचा पहिलाच पर्याय होता 'अडीच तासांपर्यंत'. अडीच तासांहून जास्त बघतो म्हणणारे पहिल्या गटात साधारण १६ टक्के निघाले, दुसऱ्या गटात ३७ टक्क्यांच्या वर! नक्की आकडा कुणालाच आठवत नसतो. मग माणूस पर्यायांकडे बघतो, मधला म्हणजे चारचौघांसारखा असं धरतो आणि तिथेच आसपास टिक करतो.

'शुद्ध, घरगुती' हे शब्द तर काढाच. जाहिरात वेगळी, सर्व्हे वेगळा. 'आवडेल का' विचारलं की आपला माणूस तोंडावर नाही म्हणत नाही, हे तुम्हालाही माहीत आहे. त्यापेक्षा विचारा, "मागचा मसाला कधी घेतला? किती घेतला?" आणि उत्तराची जागा मोकळी सोडा.

फॉर्म सगळ्यांना पाठवण्याआधी चार-पाच ग्राहकांसमोर बसा. प्रश्न वाचताना मनात जे येईल ते मोठ्याने बोलायला सांगा. याला कॉग्निटिव्ह इंटरव्ह्यू म्हणतात, खर्च फक्त चहाचा.

ताईंनी तसं केलं. एक काकू म्हणाल्या, "अगं, अर्धा किलो मला तीन महिने पुरतो. पण तसा पर्यायच नव्हता, म्हणून २ वर टिक केलं."

मशीनचं कोटेशन सध्या फाइलमध्येच आहे.