बर्फावरील कर्णधार : ज्याँ बेलिव्हो

इ. स. १९९४ मध्यें कॅनडाचे पंतप्रधान ज्याँ क्रेत्यें यांनीं साठी उलटलेल्या एका निवृत्त खेळाडूस देशाचें गव्हर्नर जनरलपद देऊं केलें. हें पद केवढें, हें आमच्या वाचकांस निराळें सांगावयास नको. व्हाइसरॉयांच्या अमदानीच्या गोष्टी आपल्या घरांतील जुन्या माणसांच्या तोंडून सर्वांनींच ऐकल्या आहेत. कॅनडांत हें पद आजहि आहे. सत्ता नांवापुरती, पण राजमुकुटाचा प्रतिनिधि म्हणून मिळणारा वाडा, सलामी आणि मानमरातब हीं सारीं त्याबरोबर येतात. असें पद चालत घरीं आलें असतां तें परत पाठविणारा मनुष्य विरळा. या गृहस्थांनीं तें परत पाठविलें. त्यांनीं कारण सांगितलें तें असें, कीं आपल्या दोन नातींना वडील नाहींत, मुलगी एकटी आहे, आणि पुढचीं पांच वर्षें आपली खरी गरज घरांत आहे.

या गृहस्थांचें नांव ज्याँ बेलिव्हो.

हॉकी म्हटली कीं आपल्या डोळ्यांपुढें ध्यानचंद आणि हिरवें मैदान उभें राहतें. कॅनडांत हॉकी म्हणजे बर्फावरचीच. दोनशें फूट लांब आणि पंचाऐंशी फूट रुंद असें गोठविलेलें मैदान; पायांत पोलादी पात्यांचे बूट; चेंडूच्या जागीं तीन इंच व्यासाची आणि एक इंच जाडीची कठीण रबराची चकती. गोलरक्षक धरून एका बाजूचे सहा गडी एका वेळीं खेळतात. वीस वीस मिनिटांचे तीन डाव होतात, आणि वेग असा कीं मिनिटभरांत गडी धापा टाकूं लागतो व खेळ न थांबतांच दुसरा त्याची जागा घेतो. धक्काबुक्की या खेळांत मान्य आहे. मर्यादा ओलांडणारास मात्र दोन मिनिटें कठड्याआड बसवितात आणि तितका वेळ त्याच्या पक्षास एक गडी कमी घेऊन खेळावें लागतें. हा शेवटचा नियम वाचकांनीं ध्यानांत ठेवावा. पुढें त्याचें काम पडणार आहे.

बेलिव्हो यांचा जन्म क्वेबेक प्रांतांतील त्र्वा-रिव्हिएर या गांवीं ३१ ऑगस्ट १९३१ रोजीं झाला. घराणें फ्रेंच भाषिक व कॅथॉलिक. आठ भावंडांत हे थोरले. वडील वीजकंपनींत नोकरीस होते. बालपण व्हिक्टोरियाव्हिल येथें गेलें. घरामागील अंगणांत हिवाळ्यांत पाणी सोडावें, तें गोठावें, आणि शेजारपाजारच्या मुलांनीं तेथें जमावें, अशी या खेळाडूची पहिली शाळा. थोरल्या मुलाच्या अंगीं लवकर येणारा एक प्रकारचा पोक्तपणा त्यांच्या ठिकाणीं जन्मभर दिसला. तो या अंगणांतला व या घरांतला असावा असें आम्हांस वाटतें.

विसाव्या वर्षाच्या आंतच त्यांचें नांव प्रांतभर झालें. सव्वासहा फूट उंची, लांब पल्ल्याची सरकती चाल, आणि एवढ्या मोठ्या देहास न शोभेल इतका हलका हात. माँट्रियलचा ‘कॅनेडियन्स’ हा संघ म्हणजे फ्रेंच कॅनडाचें दैवतच. त्यानें बोलावणें धाडलें. पण बेलिव्हो क्वेबेक शहरांतील ‘एसेस’ या संघांत रमले होते. तेथें वेतन चांगलें होतें, लोकांचा लोभ होता. आणि ज्यांनीं आपणांस आधार दिला त्यांना टाकून जाणें त्यांना प्रशस्त वाटेना. १९५२-५३ च्या हंगामांत ते माँट्रियलकडून अवघे तीन सामने खेळले, त्यांत पांच गोल केले, आणि परत क्वेबेकला गेले! शेवटीं माँट्रियलच्या मालकांनीं, ज्या साखळींत हा संघ खेळत असे ती अख्खी साखळीच विकत घेतली आणि तिला व्यावसायिक स्वरूप दिलें. मग या तरुणावरील हक्क आपोआपच त्यांच्याकडे आला. एका गड्यासाठीं अख्खी साखळी खरेदी केल्याचें दुसरें उदाहरण आमच्या तरी ऐकिवांत नाहीं. ३ ऑक्टोबर १९५३ रोजीं पांच वर्षांचा करार झाला. त्याची रक्कम एक लक्ष पांच हजार डॉलर असल्याचें त्या वेळीं प्रसिद्ध झालें. त्याच वर्षीं जून महिन्यांत त्यांचा एलीझ कुत्यूर यांच्याशीं विवाह झाला होता.

खेळाबरोबर त्यांनीं एका मोठ्या कारखान्यांत नोकरीहि धरली. कारखाना बीअरचा होता, हें सांगतांना आमची लेखणी किंचित् अडखळते. परंतु खेळाडूचें आयुष्य थोडें, पुढची तजवीज हवी, हा विचार बाविसाव्या वर्षीं करणाऱ्या मुलास नांवें ठेवण्याचें धाडस आम्हांस होत नाहीं.

पुढील अठरा वर्षांच्या यशाची यादी देत बसलों तर हा अंक पुरणार नाहीं. १,१२५ सामने, ५०७ गोल. आणि स्टॅन्ले चषक, जो त्या खेळांतला सर्वोच्च मान, तो खेळाडू म्हणून दहा वेळां. त्यांतील पहिले पांच १९५६ ते १९६० असे ओळीनें. पण एक प्रसंग सांगितल्यावांचून राहवत नाहीं. ५ नोव्हेंबर १९५५ रोजीं बॉस्टनविरुद्ध सामना होता. बॉस्टनचे दोन गडी कठड्याआड बसले होते. तेवढ्यांत बेलिव्हो यांनीं चव्वेचाळीस सेकंदांत तीन गोल केले. त्या काळीं गोल झाला तरी शिक्षा पुरी दोन मिनिटें भोगावी लागे. माँट्रियलच्या या माऱ्यानें इतर संघ असे हवालदिल झाले, कीं पुढच्या वर्षीं नियमच बदलला: एक गोल होतांच शिक्षा भोगणारा गडी मैदानांत परत येऊं लागला.

१९६१ मध्यें जुने कर्णधार डग हार्वे न्यूयॉर्कला गेले आणि गड्यांनीं नव्या कर्णधारासाठीं मतें दिलीं. बेर्नार जॉफ्रियाँ या ज्येष्ठ व नामांकित गड्यास हा मान आपणांस मिळेल अशी फार आशा होती. निवड झाली बेलिव्हो यांची. जॉफ्रियाँ खिन्न झाले. तेव्हां बेलिव्हो व्यवस्थापक फ्रँक सेल्की यांच्याकडे गेले आणि कर्णधारपद जॉफ्रियाँ यांस देण्याची तयारी त्यांनीं दाखविली. सेल्की यांनीं ती मानली नाहीं; गड्यांनीं दिलेलें मत फिरवितां येणार नाहीं, हें त्यांचें म्हणणें रास्तच होतें. बेलिव्हो दहा वर्षें कर्णधार राहिले. या धसमुसळ्या खेळांत त्यांच्या सौजन्याची ख्याति प्रतिपक्षांतहि होती.

फेब्रुवारी १९७१ मध्यें त्यांचा पांचशेंवा गोल झाला. मार्चमध्यें त्यांच्या सत्काराची रात्र ठरली, तेव्हां जमलेले १,५५,८५५ डॉलर त्यांनीं स्वतःकडे न घेतां मुलांच्या मदतीसाठीं निधि स्थापण्यास दिले. मेमध्यें दहावा चषक मिळाला आणि जूनमध्यें त्यांनीं खेळ सोडला. पुढें क्वेबेकच्या एका नव्या संघानें दहा लाख डॉलरांचें आमिष दाखविलें. आतां आपला खेळ पूर्वीच्या तोडीचा होणार नाहीं, म्हणून त्यांनीं तें घेतलें नाहीं. १९९३ पर्यंत ते आपल्या जुन्या संघाच्या कारभारांत राहिले व त्या काळांत आणखी सात चषक आले. विजेत्यांचीं नांवें त्या चषकावर कोरण्याची चाल आहे. बेलिव्हो यांचें नांव त्यावर सतरा वेळां आहे; इतक्या वेळां दुसऱ्या कोणाचेंहि नाहीं.

हा चषक १८९२ मध्यें देणारे लॉर्ड स्टॅन्ले हे कॅनडाचे गव्हर्नर जनरलच होते. ज्यांचा चषक उचलण्यांत हयात गेली, त्यांच्याच खुर्चीवर बसण्याचा योग शेवटीं समोर आला होता.

परंतु घरांत दुःख होतें. बेलिव्हो दांपत्यास एकच कन्या. तिचे पति पोलिसखात्यांत होते. मुली अगदीं लहान असतांना त्यांनीं आपल्या हातानें आपलें जीवन संपविलें. तेव्हांपासून नातींना बाप म्हणून जें पुरुषमाणूस होतें तें आजोबाच. त्यापूर्वीं पंतप्रधान मल्रोनी यांनीं सिनेटचें सभासदत्व देऊं केलें असतां, कायदे करणारे लोकांनीं निवडून दिलेले असावेत, या तत्त्वावर त्यांनीं तें नाकारलें होतें. या वेळीं तत्त्व वगैरे कांहीं नव्हतें. केवळ दोन मुली होत्या.

एकत्र कुटुंबांत वाढलेल्या आमच्या वाचकांपैकीं कोणी म्हणेल, यांत नवल तें काय. आजोबांनीं नातवंडांस सांभाळावयाचें नाहीं तर कोणी? दुसरा म्हणेल, मुलीस व नातींना राजधानींत नेतां आलें असतें. आणि फ्रेंच क्वेबेक देशापासून फुटूं पाहत असतांना अशा सर्वमान्य पुरुषानें राष्ट्राची हांक मानावयास हवी होती. हा दुसरा आक्षेप आम्हांस हलका वाटत नाहीं. पुढल्याच वर्षीं क्वेबेकांत विभक्त होण्याच्या प्रश्नावर मतदान झालें व अगदीं थोडक्या मतांनीं देश एक राहिला. तरी, बाप गमावलेल्या मुलींना आतां घरहि बदलावयास लावावें आणि आजोबांनीं समारंभांच्या गर्दींत नाहींसें व्हावें, हें त्यांना रुचलें नाहीं. आम्ही त्यांच्या जागीं असतों तर काय केलें असतें, हें छातीवर हात ठेवून सांगणें कठीण आहे.

२ डिसेंबर २०१४ रोजीं त्र्याऐंशीव्या वर्षीं ते निवर्तले. माँट्रियलच्या क्रीडागृहांत दोन दिवस देह दर्शनासाठीं ठेवला होता. हजारों लोक रांगेनें येत होते आणि एलीझबाई तासन् तास उभ्या राहून त्यांच्याशीं हस्तांदोलन करीत होत्या. त्यानंतरच्या रात्रीं तेथेंच सामना झाला. बाई नेहमींच्या जागीं येऊन बसल्या. शेजारची खुर्ची रिकामी ठेवलेली होती. क्रीडागृह भरलें म्हणजे प्रेक्षकांची संख्या २१,२८७ अशी जाहीर होत असे. त्या रात्रीं ती २१,२८६ अशी जाहीर झाली.