सायकल, उपवास आणि साखरेची गोळी

घटस्थापना जवळ आली की आपल्या भागातले सगळे रस्ते तुळजापूरकडे वळतात. कोणी ज्योत घेऊन पळतो, कोणी कोजागरीला सोलापूरहून, कर्नाटकातून पायी येतो. अलीकडे त्यात सायकलवाल्यांची भर पडली आहे. मुरुमहून येणेगूर, तिथून महामार्गाने नळदुर्ग आणि नळदुर्गहून तुळजापूर, असा हा साठेक किलोमीटरचा रस्ता. काही उत्साही मंडळी तिथे न थांबता सोलापूरमार्गे पंढरपूरही गाठण्याचे बेत करतात. चांगली गोष्ट आहे. पण मागच्या नवरात्रात जे घडले ते वाचकांना सांगणे मला भाग आहे.

माझे एक जुने रुग्ण आहेत. पेशाने शिक्षक, वय ५२. सात-आठ वर्षांपासून मधुमेह, बाकी प्रकृती ठणठणीत. नऊ दिवसांचा उपवास. पाचव्या माळेला पहाटे दोन मित्रांसोबत ते सायकलने निघाले. सकाळची गोळी नेमाने घेतली, पोटात मात्र फक्त कपभर चहा, तोही बिनसाखरेचा. नळदुर्गच्या अलीकडे त्यांची सायकल डुलायला लागली. मित्रांनी हाक मारली तर उत्तर भलतेच. अंगाला दरदरून घाम, हात थरथरत होते. रस्त्यावर चार माणसे जमली. एक म्हणाला, झटका आलाय. दुसरा म्हणाला, देवी अंगात आली. एका बाईने तर कुंकू लावून पाया पडायची तयारी केली. नशिबाने शेजारच्या हॉटेलवाल्याच्या घरी साखरेचा रुग्ण होता. त्याने ओळखले आणि गुरुजी शुद्धीवर असतानाच त्यांना घोट घोट करून साखरपाणी पाजले. पंधरा-वीस मिनिटांत गुरुजी विचारू लागले, "माझी सायकल कुठं आहे?"

दुसऱ्या दिवशी ते दवाखान्यात आले. मी रागावण्याच्या तयारीत होतो. पण त्यांची फाईल उघडली आणि गप्प बसलो. ग्लिमेपिराइडची गोळी मीच लिहून दिली होती. "उपवास करता का?" हा प्रश्न इतक्या वर्षांत मी त्यांना एकदाही विचारला नव्हता. मुरुममध्ये दवाखाना चालवणाऱ्या डॉक्टरने नवरात्राच्या तोंडावर हा प्रश्न विचारू नये, यात चूक रुग्णाची कमी आणि डॉक्टरची जास्त.

झाले काय ते समजून घेऊ. ग्लिमेपिराइड, ग्लिबेनक्लामाइड यांसारख्या गोळ्या स्वादुपिंडाला इन्शुलिन सोडायला लावतात. तुम्ही जेवलात की नाही, हे गोळीला कळत नाही. दुसरीकडे, सायकल चालवताना मांड्यांचे मोठे स्नायू रक्तातील साखर भराभर ओढून घेतात. तिसरीकडे, उपवासामुळे नवी साखर येत नाही. तिन्ही गोष्टी एकाच वेळी झाल्या की साखर ७० च्या खाली जाते. घाम, थरथर, छातीत धडधड, चिडचिड, असंबद्ध बोलणे ही त्याची लक्षणे. रक्तदाबासाठी अटेनोलॉल किंवा मेटोप्रोलॉल घेणाऱ्यांना धडधड जाणवतही नाही, घामावरूनच ओळखावे लागते. नुसत्या मेटफॉर्मिनने असे सहसा होत नाही. इन्शुलिन घेणाऱ्यांना मात्र हा धोका असतोच. डॅपाग्लिफ्लोझिनसारख्या नव्या गोळ्यांची तऱ्हा वेगळी. त्यांनी लघवी वाढते. उपवास आणि ऑक्टोबरचे ऊन सोबत असेल तर शरीर कोरडे पडून रक्तात आम्ल साठू शकते. म्हणून कोणती गोळी कमी करायची, कोणती त्या दिवशी बंद ठेवायची, हे आधी डॉक्टरांना विचारा, स्वतः ठरवू नका. आणि डॉक्टर विचारायला विसरले तर तुम्ही होऊन सांगा.

वाटेत लक्षणे दिसताच सायकल बाजूला घ्या. तीन-चार चहाचे चमचे साखर पाण्यात विरघळवून प्या. पंधरा मिनिटांत बरे वाटले नाही तर पुन्हा तेवढीच. मग केळी किंवा राजगिऱ्याचा लाडू खा. यातले सगळे उपवासाला चालते, देवीची काही हरकत नाही! बेशुद्ध माणसाच्या तोंडात मात्र पाणी ओतू नका, सरळ दवाखाना गाठा. आणखी एक, लांबच्या प्रवासानंतर साखर त्याच रात्रीही उतरू शकते. झोपण्यापूर्वी काहीतरी खा, यंत्र असेल तर तपासून पाहा.

हे वाचून कोणी सायकलच अडगळीत टाकू नये. लांब पल्ला म्हणजे पोरासोरांचे काम, असा आपला समज आहे. ब्रेव्हे म्हणून एक प्रकार फ्रान्समध्ये सुरू झाला आणि आता पुण्या-नाशकापासून सगळीकडे होतो. त्यात २०० किलोमीटरसाठी साडेतेरा तास मिळतात. म्हणजे चहापाणी धरून ताशी पंधरा किलोमीटरही पुरत नाहीत असे नाही. नाशिकचे डॉ. हितेंद्र आणि डॉ. महेंद्र महाजन या बंधूंनी २०१५ मध्ये जोडीने सुमारे ४,८०० किलोमीटरची 'रेस ॲक्रॉस अमेरिका' पुरी केली. नागपूरच्या डॉ. अमित समर्थ यांनी २०१७ मध्ये तीच एकट्याने केली. ही सारी डॉक्टर मंडळी, याचा मला उगाचच अभिमान वाटतो. युरोपात तर अटलांटिकच्या किनाऱ्यापासून काळ्या समुद्रापर्यंत दहा देशांतून जाणारा पाट्या लावलेला सायकलमार्ग आहे. आपल्याकडे पाट्या नाहीत, ट्रक आहेत. म्हणून महामार्गावर कडेच्या पट्ट्यातूनच, एकामागे एक चला. मागे लाल दिवा, डोक्याला हेल्मेट हवे. अंधारात निघूच नका.

तयारी दीड-दोन महिने आधीपासून करावी. पहिले दोन आठवडे येणेगूरला जाऊन परत या. मग जळकोट, मग नळदुर्ग. सीट एवढी उंच ठेवा की पायडल खाली गेल्यावर गुडघा किंचित वाकलेला राहील. गुडघेदुखीची निम्मी तक्रार तिथेच मिटते. चाळिशीपुढच्या मधुमेही आणि रक्तदाबाच्या रुग्णांनी निघण्यापूर्वी ईसीजी काढावा, डोळ्यांचा पडदा तपासून घ्यावा. छातीत दाब आला, धाप थांबेना, तर पुढचे गाव गाठण्याचा हट्ट नको. पाणी तासाला दोन-तीनदा, थोडे थोडे प्या. एक लिटर पाण्यात सहा सपाट चमचे साखर आणि अर्धा चमचा मीठ, हे घरचे जलसंजीवनीचे प्रमाण. रक्तदाब असेल तर मिठाबद्दल डॉक्टरांना विचारून घ्या.

गुरुजी गेल्या महिन्यात पुन्हा आले. "डॉक्टरसाहेब, यंदा पंढरपूरपर्यंत जायचं म्हणतोय, जाऊ का?" मी नाही म्हटले नाही. गोळी बदलली. निघताना साखर १०० च्या खाली असेल तर आधी खायचे, २५० च्या वर असेल तर निघायचेच नाही, असे ठरले. खिशात खडीसाखर आणि एक चिठ्ठी राहील: "मला मधुमेह आहे, गोंधळलो तर साखर द्या." मागच्या रविवारी ते नळदुर्गला जाऊन आले. निघताना १३८, परतल्यावर ९४. तुळजापूरची परवानगी दिली आहे. पंढरपूरचे अजून ठरायचे आहे.