स्पर्शातून दर्शन

वसतिगृहात राहिलेल्या प्रत्येकाला एक अनुभव परिचित आहे. रात्री अभ्यासाच्या वेळी अचानक वीज जाते. खोलीत एकीला एक लागून पत्र्याच्या पेट्या ठेवलेल्या असतात, आणि तरीही अंधारात हात बरोबर आपल्याच पेटीवर पडतो. कडीचा वाक, झाकणावरचा पोचा, कुलपाजवळचा खरवडलेला रंग या खुणा बोटांना पाठ असतात. प्रताप नगरातील आपल्या विद्यालयाच्या या स्मरणिकेत आम्ही ज्या विज्ञानाची ओळख करून देणार आहोत, त्याचे मूळ तत्त्व हेच आहे. अणू डोळ्यांनी पाहता येत नाही. परंतु पृष्ठभाग चाचपून त्याचा नकाशा काढता येतो.

प्रथम मापाचा विचार करू. एका मिलिमीटरचे दहा लाख भाग केले, तर त्यातील एक भाग म्हणजे एक नॅनोमीटर. माणसाचा केस साधारणपणे 80,000 नॅनोमीटर जाड असतो. अणूचा व्यास मात्र एका नॅनोमीटरचा काही दशांश भाग इतकाच. अणू फुगवून ज्वारीच्या दाण्याएवढा केला आणि त्याच प्रमाणात आपले नागपुरी संत्रे मोठे केले, तर त्या संत्र्याचा व्यास सुमारे एक हजार किलोमीटर होईल. नागपूरहून मुंबई गाठूनही तो उरेल.

एवढी लहान वस्तू भिंगांच्या सूक्ष्मदर्शकातून का दिसत नाही? दृश्य प्रकाशाची तरंगलांबी 400 ते 700 नॅनोमीटर असते. तरंगलांबीच्या सुमारे निम्म्याहून लहान तपशील प्रकाशाला वेगळा दाखविता येत नाही, हे जर्मन शास्त्रज्ञ अर्न्स्ट आबे यांनी 1873 मध्ये स्पष्ट केले. भिंग कितीही उत्तम असले तरी ही अडचण राहतेच. खराट्याने पाटीवर अक्षर गिरवता येत नाही, तसेच हे आहे.

1981 मध्ये आयबीएम कंपनीच्या झुरिकजवळील प्रयोगशाळेत गेर्ड बिनिंग आणि हाइनरिश रोरर यांनी पाहण्याचा हट्ट सोडून चाचपण्याचा मार्ग स्वीकारला. त्यांच्या यंत्राचे नाव स्कॅनिंग टनेलिंग मायक्रोस्कोप, संक्षेपाने एसटीएम. धातूची एक अणकुचीदार सुई पृष्ठभागापासून सुमारे एक नॅनोमीटर अंतरावर आणायची आणि दोहोंमध्ये अल्पसा विद्युतदाब द्यायचा. मंडल तुटलेले असले की प्रवाह थांबतो, असे आपण शाळेत शिकतो. परंतु फट इतकी अरुंद झाली की पुंजभौतिकीच्या नियमानुसार इलेक्ट्रॉन ती ओलांडतात; जणू मधल्या डोंगराला बोगदाच पडला आहे. म्हणून या क्रियेस टनेलिंग म्हणतात.

या प्रवाहाचा विशेष असा की तो अंतराच्या बाबतीत विलक्षण संवेदनशील असतो. फट 0.1 नॅनोमीटरने कमी झाली तर प्रवाह जवळजवळ दहापट होतो. त्यामुळे सुईचे टोक काहीसे ओबडधोबड असले तरी फारसे बिघडत नाही. सर्वांत पुढे असलेला एखादाच अणू बहुतेक प्रवाह वाहून नेतो. कात्रीने तिरकी कापलेली प्लॅटिनम-इरिडियमची तारसुद्धा कामास येते, ती याच कारणाने.

आता ही सुई अणूच्या मापाने हलवायची कशी? त्यासाठी दाबविद्युत पदार्थ वापरतात. काही स्फटिक दाबले असता वीज निर्माण होते, हे पिएर आणि झाक क्युरी या बंधूंनी 1880 मध्ये दाखविले. स्वयंपाकघरातील कळ दाबून पेटवायच्या लायटरची ठिणगी अशीच पडते. उलट बाजूने, अशा पदार्थाला वीज दिली की तो किंचित लांबतो किंवा आखडतो. सुई त्यावर बसविली की ती नॅनोमीटरच्या हिशेबाने पुढे-मागे आणि वर-खाली सरकविता येते. शेतात तासामागून तास काढावे तशी सुई पृष्ठभागावरून ओळीमागून ओळ फिरते. प्रवाह वाढला की यंत्र तिला वर उचलते, घटला की खाली आणते. या चढउतारांची नोंद म्हणजेच पृष्ठभागाचा नकाशा. 1983 मध्ये बिनिंग, रोरर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी सिलिकॉनच्या पृष्ठभागावरील अणूंच्या मांडणीचे असे चित्र प्रसिद्ध केले. त्या मांडणीविषयी वैज्ञानिकांत दोन दशके वाद चालू होता. 1986 चे भौतिकशास्त्राचे नोबेल पारितोषिक बिनिंग आणि रोरर यांना, इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शकाचे जनक अर्न्स्ट रुस्का यांच्यासह मिळाले.

हे सर्व स्वित्झर्लंडमधल्या एका श्रीमंत कंपनीच्या प्रयोगशाळेत घडले, तेव्हा आपल्या मुलांना त्याचे काय, असा प्रश्न एखाद्या पालकाच्या मनात येईल. त्याचे उत्तर महाराष्ट्रातच आहे. 1980 च्या दशकाच्या अखेरीस पुणे विद्यापीठाच्या भौतिकशास्त्र विभागात प्रा. सी. व्ही. धर्माधिकारी आणि त्यांच्या विद्यार्थ्यांनी एसटीएम स्वतः बांधला. त्यासाठी लागणारे साहित्य त्यांनी पुण्याच्या जुन्या बाजारातूनही मिळविले. टाकून दिलेल्या संगणकांतील मोटारी, शिवणयंत्राची बॉबिन, स्वयंपाकाची ॲल्युमिनियमची भांडी, रबरी नळ्या अशा वस्तूंना त्यांच्या यंत्रांत जागा मिळाली. या प्रयोगशाळेची कथा पंकज सेखसरिया यांनी 'इन्स्ट्रुमेंटल लाइव्हज' या इंग्रजी ग्रंथात लिहून ठेवली आहे.

रबराचे महत्त्व येथे सांगितले पाहिजे. सुई आणि पृष्ठभाग यांतील फट एका नॅनोमीटरची असते. खोलीत कोणी चालले किंवा आपल्या रिंग रोडवरून मालमोटार गेली, तरी जमीन त्याच्या कितीतरी पट हादरते. झुरिकच्या पहिल्या यंत्रात हा कंप टाळण्यासाठी अतिसंवाहक वापरून यंत्र चुंबकबलाने अधांतरी ठेवले होते. पुढे कळून आले की स्प्रिंगा, जड थाळ्या आणि रबर यांची विचारपूर्वक रचना केली तरी काम भागते. ज्याला कंपाचे शास्त्र समजले, त्याला रबराच्या तुकड्यातून मार्ग काढता आला. बाजारातून आणले ते साहित्य. यंत्र झाले ते त्यामागील गणितामुळे आणि वर्षानुवर्षांच्या चिकाटीमुळे.

एसटीएमला एक मर्यादा होती. पृष्ठभाग विद्युतवाहक नसेल तर त्याचा उपयोग नाही. म्हणून 1986 मध्ये बिनिंग, केल्व्हिन क्वेट आणि क्रिस्टोफ गेर्बर यांनी अणुबल सूक्ष्मदर्शक तयार केला. यात एका लवचीक, अतिसूक्ष्म पट्टीच्या टोकाशी सुई असते. पृष्ठभागाच्या आकर्षणाने किंवा प्रतिकर्षणाने पट्टी वाकते, आणि आजच्या बहुतेक यंत्रांत तिच्या पाठीवरून परावर्तित होणारा लेसर किरण ते वाकणे मोजतो. काच, रंगाचा लेप, प्रथिने, पाण्यात ठेवलेल्या जिवंत पेशी, सर्व काही या सुईला चाचपता येते. 2008 मध्ये फिनिक्स यानाबरोबर असे एक यंत्र मंगळावर गेले आणि तेथील धुळीचे कण त्याने चाचपले. पुण्याच्या आयसर या संस्थेत डॉ. शिवप्रसाद पाटील यांचा गट याच पद्धतीने, दोन पृष्ठभागांमध्ये कोंडलेला पाण्याचा काही रेणूंइतका पातळ थर कसा वागतो, याचा अभ्यास करीत आला आहे.

स्पर्श या शब्दाचा इतिहास आपल्या वाचकांना सांगावा लागत नाही. 20 मार्च 1927 रोजी बाबासाहेबांनी महाडच्या चवदार तळ्याचे पाणी ओंजळीत घेतले, ते ज्यांच्या स्पर्शाने पाणी बाटते असे सांगितले जात होते त्या सर्वांच्या वतीने. आज पाण्याचा थर रेणू-रेणूने चाचपणाऱ्या सुईला तेथे आकर्षण सापडते, प्रतिकर्षण सापडते. विटाळ सापडत नाही. हे सिद्ध करण्यासाठी सूक्ष्मदर्शकाची गरज नव्हती. तरीही ज्या समाजाला स्पर्शाचा अधिकार लढून मिळवावा लागला, त्याच्या मुलामुलींनी या विज्ञानाकडे परके म्हणून पाहू नये, असे आम्हांस मनापासून वाटते.

आणखी एक गोष्ट नमूद करावीशी वाटते. परमाणू परस्परांना स्पर्श करतात काय, हा प्रश्न आचार्य वसुबंधूंच्या अभिधर्मकोशात विचारलेला आहे, आणि काश्मीरच्या वैभाषिक आचार्यांचे उत्तर 'नाही' असे होते. यावरून प्राचीनांना आजचे विज्ञान ठाऊक होते, असा दावा आम्ही करणार नाही. त्यांचे परमाणू तर्काने कल्पिलेले होते. मोजमापाचे साधन त्यांच्याजवळ नव्हते. परंतु प्रश्न विचारण्याची ती निर्भयता आपला वारसा आहे. धम्माचे वर्णन करताना वंदनेत आपण 'एहिपस्सिको' म्हणतो, म्हणजे 'ये आणि पाहा'. हे आवाहन यंत्रालाही लागू आहे. ग्रॅफाइटमध्ये शेजारच्या अणूंतील अंतर 0.142 नॅनोमीटर असते, पण एसटीएमच्या चित्रात बहुधा एकाआड एक अणूच उठून दिसतो आणि ठिपक्यांतील अंतर 0.246 नॅनोमीटर भरते. कारण यंत्र अणू मोजत नाही, तेथील इलेक्ट्रॉनांची उपलब्धता मोजते. चित्रांतील रंगही संगणकाने भरलेले असतात. जे दिसले त्यावरही प्रश्न विचारावा लागतो.

शेवटी, घरी किंवा विद्यालयाच्या प्रयोगशाळेत करता येईल असा एक प्रयोग सुचवितो. बुटांच्या खोक्याच्या तळाशी ओल्या मातीचा थर देऊन त्यात सुपाऱ्या, गोट्या, चिंचोके रोवावेत. झाकणाला एक-एक सेंटिमीटरवर भोके पाडावीत. विणकामाच्या सुईवर मिलिमीटरच्या खुणा कराव्यात. ज्याने खोक्यात पाहिलेले नाही अशा विद्यार्थ्याने प्रत्येक भोकातून सुई अलगद टेकवून खोली मोजावी, आलेखवहीच्या चौकटींत आकडे लिहावेत आणि जेथे खोली कमी तेथे गडद छटा भरावी. नंतर जाड पेन्सिल जाईल एवढी भोके मोठी करून तेच पुन्हा करावे. नकाशा पुसट होतो आणि टोकाच्या जाडीचे महत्त्व कळते. खर्च फारसा नाही, वेळ मात्र लागतो. नकाशा पूर्ण होईपर्यंत झाकण उघडू नये. त्यानंतर ते सर्वांसमक्ष उघडावे, आणि आपला नकाशा कोठे बरोबर आला व कोठे चुकला, हे त्या मुलाने किंवा मुलीने स्वतःच सांगावे.